डाव्या हातावरील न हसणाऱ्या बालकाबाबत

लॉनी प्रुएटच्या दोन्ही हातांना पडद्यावर येण्याची परवानगी नाही, ही बाब एका मंगळवारी सकाळी उघडकीस आली. त्या वेळी तो हॉलिवूडशेजारच्या बरबँकमधल्या आपल्या दुकानात एका बाईच्या पोटरीवर स्वतःचंच तोंड गोंदत होता.

स्वतःचं म्हणजे लहानपणचं. 'डनलीव्ही मंडळी' या मालिकेत लॉनी धाकट्या स्किपचं काम करायचा. दर भागात घरात काहीतरी फुटायचं, सगळे स्किपकडे वळायचे आणि समोरचा दात पडलेलं ते पोरगं खिदळत म्हणायचं, "मी नाही, कुत्र्यानं केलं." डनलीव्हींच्या घरी कुत्रं नव्हतं. या विनोदावर देश कित्येक वर्षं हसला. मग लॉनीचा आवाज फुटला, तेव्हा मात्र कुणी हसलं नाही आणि मालिका बंद पडली.

पुढे लॉनी गोंदायला शिकला आणि दोन दगडांवर पाय ठेवून राहिला. मशीन चालवायची आणि बोलावणं आलं की चित्रीकरणाला जायचं. कधी 'आवाज ऐकलेला शेजारी', कधी 'दुसरं प्रेत', अशी बारीकसारीक कामं. प्रेताचं काम त्याला फार आवडायचं, कारण प्रेताला कुणी ते वाक्य म्हणून दाखवायला सांगत नाही. दुकानात मात्र सुटका नव्हती. त्याला खरी गोडी पक्ष्यांची. तुरेवाला लावा तर तो असा काढायचा की आता पळेल की मग. पण लावा कुणाला हवा होता? लांबलांबून गाड्या हाकत लोक यायचे ते स्किपच्या हातून स्किप काढून घ्यायला. पाठ, दंड, पोटरी, एका गृहस्थांच्या बाबतीत तर पोट. जेवण झालं की तिथला स्किप जास्त हसतो, असं त्यांनी स्वतःच कौतुकानं कळवलं होतं.

अशात त्याला ते काम मिळालं. नवीन, गंभीर मालिका. त्यात गस नावाचा गोंदणारा. बायको गेलेली, बोलणं कमी, आणि आठही भागांत एकदाही हसायचं नाही. चाचणी दिली तेव्हा समोरच्या पोरसवदा लोकांना स्किप माहीतच नव्हता. त्यांनी लॉनीला लॉनी म्हणूनच घेतलं. बातमी कळल्यावर तो दुकानामागच्या गल्लीत जाऊन भरपूर रडला आणि तोंड धुऊन परत कामाला लागला. एकदा, फक्त एकदा, लोकांनी आपलं आत्ताचं तोंड बघावं, एवढंच त्याला हवं होतं.

मंगळवारचा फोन होता निर्मिती कंपनीच्या विधी विभागातून. बोलणारे श्री. प्रेस्कॉट एम्स अतिशय सभ्य होते. पडद्यावर दिसणारं प्रत्येक गोंदण ही गोंदणाऱ्याची कलाकृती असते, तेव्हा त्याची परवानगी लागते, असं त्यांनी सांगितलं. लॉनीच्या हातांवर दोन्हीकडे मनगटापर्यंत काम होतं. या गोंदणाऱ्याचा पत्ता मिळेल का?

"मीच तो," लॉनी म्हणाला.

"उत्तम. म्हणजे तुमची ओळख आहे. त्यांना आम्हाला फोन करायला सांगा."

लॉनीनं फोन ठेवला आणि पुन्हा लावला. एम्स साहेबांनी त्याला नव्या माणसाशी बोलावं तसं नमस्कार करून सगळं पहिल्यापासून सांगितलं. परवानगी द्यायला लॉनी तयारच होता. पण मग एम्स साहेबांच्या लक्षात आलं की परवानगी देणारा आणि तिचा लाभ घेणारा या दोन व्यक्ती संशयास्पद रीतीनं एकसारख्या आहेत. याला हितसंबंधांचा संघर्ष म्हणतात. उद्या अभिनेता लॉनी आणि गोंदणारा लॉनी यांचं बिनसलं, तर कंपनीनं कुणाच्या तोंडाकडे बघायचं?

"आमचं नाही बिनसणार," लॉनी म्हणाला.

"सगळे असंच म्हणतात," एम्स साहेब म्हणाले.

यावर तोडगा निघाला. लॉनीनं आपल्या हातांवरचे हक्क दुकानातली भागीदार लूपे आरेओला हिला द्यायचे आणि लूपेनं ते वापरायची परवानगी लॉनीला द्यायची. लूपे पंचवीस वर्षं या धंद्यात मुरलेली बाई. तिनं परवानगी दिली. पण हात आता आपले आहेत तर त्यांनी रोज संध्याकाळी दुकानातलं बेसिन घासावं, अशी अट घातली. लॉनीनं कुरकुर केली तेव्हा म्हणाली, "तू कशाला मधे पडतोस? मी माझ्या हातांशी बोलतेय."

सगळं मार्गी लागलं असं वाटत असताना विधी विभागाला डाव्या हातावर, कोपराच्या खाली, एक मुलगा सापडला.

मुलगा सहाएक वर्षांचा होता. पायरीवर बसून चीज सँडविच खात होता. तोंड अर्धवट उघडं, समोरचा एक दात नाही, नजर कुठेच नाही. लॉनीच्या बालपणाचे फोटो ढिगानं होते, पण सगळे मालिकेचे; आई म्हणायची, फुकट आणि इतके चांगले निघत असताना वेगळे कशाला काढायचे? हा एकच फोटो मालिकेचा नव्हता. चित्रीकरणात मुलांना शिकवायला मिसेस ओडेल नावाच्या बाई असायच्या. कायद्यानं तीन तास शिकवणं हे त्यांचं काम. तासाच्या आड कुणी आलं, मग तो दिग्दर्शक का असेना, की त्या पट्टी आपटायच्या. जेवणाच्या सुट्टीत त्यांनी सहज तो फोटो काढला होता. त्या क्षणी तोंड कसं ठेवायचं हे त्या पोराला कुणी सांगितलेलं नव्हतं. बाई वारल्यावर तो फोटो लॉनीकडे आला आणि लॉनीनं तो स्वतःच्या हातानं स्वतःवर उतरवला. गिऱ्हाइकांच्या अंगावर एवढे स्किप काढून झाल्यावर, आपल्या अंगावर आपण असावं असं त्याला वाटलं.

"हा स्किप आहे," एम्स साहेब म्हणाले.

"हा मी आहे."

"तेच आम्हाला ठरवावं लागेल."

'डनलीव्ही मंडळी'चे हक्क ज्या कंपनीकडे होते ती दुसऱ्या कंपनीनं गिळली होती, तिला तिसरीनं, आणि त्या तिसरीचीच ही नवी मालिका होती. थोडक्यात, परवानगी मागणारे एम्स साहेब आणि ज्यांच्याकडे मागायची ते अधिकारीही एम्स साहेबच होते. सकाळी ते नव्या मालिकेचं बघत, दुपारी जुन्या मालिकांचं. सकाळच्या एम्स साहेबांनी विनंती केली आणि दुपारच्या एम्स साहेबांनी ती तीव्र शब्दांत फेटाळली. यात हितसंबंधांचा संघर्ष नाही का, असं लॉनीनं विचारलं, तेव्हा उत्तर मिळालं, "नाही. मी पगारी आहे."

मुख्य अडचण दाताची निघाली. स्किपचा दात खरोखर पडला होता, हे कंपनीला मान्य होतं. पण लोकांना ती फट इतकी आवडली की पुढे नवा दात आला तरी दर चित्रीकरणाला त्याला काळा रंग फासत असत. म्हणजे आधीची फट निसर्गाची आणि नंतरची कंपनीची. हातावरची फट नेमकी कुणाची? दंतवैद्याचं मत मागवण्यात आलं. त्यांनी लॉनीचा हात भिंगाखाली धरून बराच वेळ पाहिला आणि फट नैसर्गिक आहे, मात्र लॉनीनं खालच्या दाढांकडे लक्ष द्यायला हवं, असा अभिप्राय दिला. तो लॉनीच्या बाजूचा असल्यामुळे विचारात घेतला गेला नाही.

लॉनीनं शेवटचा उपाय म्हणून सांगितलं की स्किप नेहमी हसतो. मालिकेच्या एका तरी भागात स्किप न हसता दाखवा, मी हात कापून देतो. हा मुद्दा एम्स साहेबांना एकदम पटला. त्यांनी कागद तपासले. स्किप सदैव हसतमुख असेल, असं करारातच होतं. म्हणून त्यांनी निर्णय दिला: सदर बालक हे स्किपच असून, ते हसत नसल्यामुळे त्यानं कराराचा भंग केला आहे.

"पण घाबरू नका," ते पुढे म्हणाले. "हसऱ्या स्किपचा परवाना आमच्याकडे तयारच असतो. कपांवर देतो, उशांवर देतो. तुमच्या हातावरही देऊ. फक्त त्याला हसवा."

"हसवा म्हणजे?"

"तोंडाचे कोपरे जरा वर. तुमचा तर हातखंडा आहे, दहा मिनिटांचं काम."

रंग लावून झाकता येणार नाही का? नाही, रंगाखालीही तो न हसता असणार आणि कंपनीला ते आता माहीत झालं आहे. लांब बाह्या? गस बिनबाह्यांचं बनियन घालतो, हे लेखकांच्या खोलीत आठवडाभर वाद घालून ठरलेलं होतं, त्याला हात लावणं शक्य नव्हतं. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत स्किप हसला तर ठीक, नाहीतर गस दुसऱ्या कुणाला जाईल.

बर्निस गॅल्व्हन ही त्याची एजंट. तो चार वर्षांचा असल्यापासून ती त्याची कामं बघत होती आणि अजूनही त्याला बाळा म्हणायची. तिनं फोनवर समजावलं, "बाळा, लोक कामासाठी नाक बदलतात, हनुवटी बदलतात, आडनाव बदलतात. तुला तर दुसऱ्याच्याच तोंडात बदल करायचाय."

"दुसऱ्याच्या नाही, बर्निस."

"बरं, तुझ्याच. मग तर कुणाला विचारायचीही गरज नाही."

आईला फोन केला तर ती खूशच झाली. तिला तो फोटो कधीच आवडला नव्हता. "मेलं कसं भुकेजल्यासारखं तोंड केलंय त्यात. आम्ही काय उपाशी ठेवत होतो का तुला? हसव रे सोन्या. किती गोड हसायचास."

त्याच दिवशी दुपारी दुकानात गर्दी नव्हती. लॉनीनं कागदावर ते तोंड काढलं, कोपरे वर केले, छाप तयार केला आणि हातावर दाबला. जांभळ्या रेघा मुलाच्या तोंडावर बरोबर बसल्या. गोंदणारा म्हणून त्याला मान्य करावं लागलं की काम झकास होतं. त्यानं मशीन उचललं, सुई रंगात बुडवली आणि हाताकडे बघितलं. पायरीवर बसलेलं पोर सँडविच हातात धरून त्याच्याकडे बघत खिदळत होतं, अगदी तयारीनं, जसं काही आत्ता कुठेतरी चित्रीकरणाची घंटा वाजेल आणि कुणीतरी विचारेल, हे कुणी फोडलं?

लूपे मागून येऊन उभी राहिली होती. तिनं पाहिलं आणि एवढंच म्हणाली, "आला का इथंही?"

"काम मोठं आहे, लूपे. परत नाही मिळणार असं."

"नाहीच मिळणार. मी कुठं म्हणतेय मिळेल?" तिनं स्टूल ओढलं. "पण तिथं तू न हसणाऱ्या माणसाचं काम करणार, आणि त्याच्यासाठी याला आयुष्यभर हसायला लावणार. मग या बिचाऱ्यानं जेवायचं कधी?"

 लॉनीनं मशीन खाली ठेवलं, साबणाच्या पाण्यात फडकं बुडवलं आणि छाप पुसून काढला. रेघा सहज निघाल्या. मुलगा पुन्हा आपला खायला लागला. लॉनीनं बर्निसला फोन करून नाही म्हणून सांगितलं. ती त्या फोनवर पहिल्यांदाच त्याला बाळा न म्हणता मिस्टर प्रुएट म्हणाली. त्याला वाईट वाटलं, खूपच वाईट वाटलं, आणि त्या संध्याकाळी त्यानं बेसिन इतकं घासलं की लूपेला त्यात स्वतःचं तोंड दिसायला लागलं.

गसचं काम टॅनर होलोवे नावाच्या नटाला मिळालं. त्याच्या अंगावर एकही गोंदण नव्हतं. सुईला तो घाबरायचा. रोज पहाटे रंगभूषेचे लोक त्याच्या हातांवर विधी विभागानं मंजूर केलेली गोंदणं चिकटवत आणि संध्याकाळी सोलून काढत. टॅनरला मशीन कसं धरायचं हे कळेना, म्हणून सल्लागार नेमायचं ठरलं. खऱ्याखुऱ्या माणसाचा शोध बराच झाला आणि तो लॉनीपाशी येऊन थांबला. जवळून दिसणारे हातही शेवटी लॉनीचेच घेतले, कारण गोंदताना हातमोजे असतात आणि कॅमेरा मनगटावर थांबतो. परवानगी लूपेनं दिली. मालिका गाजली. टॅनरच्या हातांत केवढं दुःख आहे, असं समीक्षकांनी लिहिलं. एम्स साहेबांना बढती मिळाली. आता ते नव्या आणि जुन्या मालिकांच्या दोन्ही विभागांचे प्रमुख आहेत आणि स्वतःला वेळ घेऊन भेटतात.

परवा ओहायोहून एक बाई आली होती. स्वभावानं गोड, बोलायला मोकळी. नवी मालिका बघून तिला गोंदवून घ्यायची इच्छा झाली होती, आणि लहानपणी ती 'डनलीव्ही'चा एकही भाग चुकवत नसे. लॉनी हातमोजे घालत असताना तिचं लक्ष त्याच्या डाव्या हाताकडे गेलं.

"हा कोण?"

"मी."

तिनं वाकून बारकाईनं पाहिलं. तिच्या डोळ्यांत खरोखरच माया आली. "काय झालं होतं याला?"

"काही नाही. जेवतोय."

"अगंबाई," ती हळहळली. "जरा हसवायचं ना त्याला."

लॉनीनं दुसरा हातमोजा चढवला. बाईनं स्किपसाठी पोटरी पुढे केली.

तिला नावं ठेवणं सोपं आहे. पण तुम्ही इतका वेळ हे वाचलंत, पायरीवर जेवणाऱ्या त्या पोराची बाजू घेतलीत, एम्स साहेबांवर मनातून चरफडलात, ते सगळं ठीक. आता डोळे मिटा आणि लॉनी आठवा. दिसलं ना तेच, दात पडलेलं, हसणारं? पुढचं वाक्यही तुम्ही मनात म्हणून टाकलंत. लॉनीला आता सवय झाली आहे. स्किप कुठे काढायचा, तेवढं फक्त त्याला सांगा.