मुखेडकर साहेबांची अळणी भाजी

मुखेडकर साहेब अळणी भाजी अळणीच खायचे. मिठाचं भांडं हाताशी असायचं, पण वरून चिमूटभरही घेत नसत. "भागाबाईनं चाखून उतरवलीय. मी वरून हात घालनारा कोन?" म्हणत भाकरीचा पुढचा घास मोडायचे. त्यांच्या या स्वयंपाकीणबाईंच्या जिभेला चव नाही, हे सगळ्या गल्लीला ठाऊक होतं.

लातूर नुकताच जिल्हा झाला होता. नव्या जिल्हा कोर्टात साहेब न्यायाधीश म्हणून आले आणि आमच्या शेजारी भाड्यानं राहिले. एकटेच. खालच्या कोर्टानं दिलेल्या तात्पुरत्या मनाई हुकुमावर अपील आलं, की वकील त्यांच्यापुढे घसा कोरडा करायचे. साहेब सगळं ऐकून म्हणायचे, "मी असतो तर येगळं केलं असतं." वकील खुलायचा. "पन म्हनून त्याचं चुकलं न्हाई." वकील खाली बसायचा. दोन्ही बाजू ऐकल्यात, कारण लिहिलंय, कायदा सोडलेला नाही, एवढं दिसलं की साहेब खालचा हुकूम हलवत नसत. वकील मंडळी त्यांना 'जैसे थे साहेब' म्हणायची. घरमालकानं भिंतीवर लावलेलं मागल्या सालचं कॅलेंडरसुद्धा त्यांनी काढलं नव्हतं.

त्या साली पावसानं दगा दिला होता. टँकर दिसला की गल्ली घागरी घेऊन धावायची. अशात माझ्या वडिलांनी, अण्णांनी, माझ्यासाठी निलंग्याचं स्थळ काढलं. मुलगा काय करतो हे सांगायच्या आधी ते सांगत, "त्यांच्या हिरीला पानी हाय!" माझी बी.ए.ची शेवटची परीक्षा तोंडावर आलेली. आईनं बजावलं, परीक्षा होईस्तोवर घरात लग्नाचं नाव काढायचं नाही. अण्णा तणतणत साहेबांच्या ओट्यावर गेले. देवाखालोखाल ते साहेबांनाच मानत, म्हणून मी कुंपणाआड कान लावून उभी राहिले.

"मी असतो तर आधी स्थळ पाहून घेतलं असतं," साहेब म्हणाले. अण्णा खुलले. मला रडूच यायला लागलं.

"पन वहिनींनी तुमचं ऐकून घेतलं का?"

"घेतलं की. लई भांडलो."

"कारन दिलं?"

"म्हनली, लगीन पुढल्या साली बी होतंय. परीक्षा बुडली की बुडली. सासरचे पुन्यांदा पुस्तक धरू देत न्हाईत."

"मंग थांबल्यानं तुमचं काय बिघडतंय?"

"तवर हीर आटली तर, साहेब?"

"मंग तर थांबाच."

अण्णा गुमान घरी आले. मी परीक्षा दिली, पास झाले आणि पेढे घेऊन साहेबांच्या पाया पडले. म्हटलं, "तुम्ही आईचा शब्द राखलात, म्हणून हे झालं."

साहेबांनी पेढा हातातच धरला. "घरच्या बाईचा शब्द मी बी एकदा फिरवला होता," ते म्हणाले. "आमच्या सुमनच्या आईनं असंच सांगितलं होतं, परीक्षा होऊ द्या. मी ऐकलो न्हाई. लगीन लावून दिलं. पोरीची परीक्षा राहिली ती राहिलीच."

"सुमनताई कुठं असतात?"

"लोह्याला. आई होती तवर यायची." मग त्यांनी विचारलं, "पहिला पेपर कसा गेला होता गं तुला? काय काय आलं होतं?"

निकाल लागून गेलेल्या परीक्षेचे पेपर कोणी विचारतं का? पण साहेब कान देऊन बसले होते. त्यांचे माझ्यावर फार उपकार होते आणि ते फेडायला माझ्याजवळ दुसरं काही नव्हतं. मी पायरीवर टेकले आणि एकही प्रश्न न गाळता सगळे पेपर त्यांना सांगितले.