निरोगी माणसाचं पथ्य

सेतुमाधवरावांना हृदयाचा कसलाही विकार नव्हता. तरीही त्या काळी कुंभकोणमात त्यांच्याइतका कडक पथ्याचा हृदयरोगी दुसरा नव्हता. हे मी शेजारी राहून पाहिलं आहे.

आजारी होत्या त्या त्यांच्या पत्नी. शेजारच्या नात्याने मी दोघांना मामा-मामी म्हणायची. पाय सुजायचे, दोन पायऱ्या चढल्या की धाप लागायची, आडवं झालं की खोकला. डॉक्टर म्हणाले, हृदय थकलंय, अंगात पाणी साठतंय. मीठ बंद, रोज औषधाचे थेंब आणि आठवड्याला एक सुई. नाहीतर पाणी छातीत भरेल, मग आपल्या हातात काही नाही. मामींनी सगळं ऐकून घेतलं, डॉक्टरांना कॉफी दिली आणि दुपारी नेहमीसारखं आंबट वरण केलं, मीठ घालून. आंबट वरण म्हणजे तिथल्या मराठी घरांतलं सांबार. मी साताऱ्याहून लग्न होऊन नुकतीच आले होते, आणि यजमान दिवसभर आडुतुरैला नोकरीवर, म्हणून माझा मुक्काम मामींच्या परसात. मी त्यांना पथ्याबद्दल बोलले, तर त्या हसल्या. एकट्या बाईसाठी वेगळा स्वयंपाक ही गोष्ट त्यांच्या डोक्यात शिरणंच शक्य नव्हतं. मामांचं जेवण झालं की त्यांच्याच पानावर त्या बसायच्या. मामांनी जे खाल्लं ते त्यांनी खायचं, इतका साधा हिशेब.

मामा तालुका कचेरीतले निवृत्त शिरस्तेदार. उभा जन्म लोकांचे अर्ज फेटाळण्यात गेलेला. त्यांनी काही दिवस विचार केला आणि एका सकाळी छातीवर हात ठेवून जाहीर केलं की आपल्याला हृदयरोग झाला आहे. डॉक्टरांना त्यांनी आधीच गाठलं असावं, कारण डॉक्टरांनी तपासल्यासारखं करून गंभीरपणे मान हलवली.

झालं. नवऱ्याला मीठ वर्ज्य म्हटल्यावर मामींनी मिठाची बरणी उचलून माझ्या घरी आणून ठेवली, पाठोपाठ लोणची. लोणच्याशिवाय मामांना घास उतरत नसे. आता ते पानावर बसायचे, एक घास घ्यायचे, "उत्तम" म्हणायचे आणि उरलेला भात डोळे मिटून संपवायचे.

थेंबांचं प्रकरण अवघड होतं, कारण स्वतःसाठी म्हणून मामी औषध घेणाऱ्या नव्हत्या. पण मामांचे कोणी पूर्वज तंजावरच्या राजवाड्यात राजाच्या ताटातलं आधी चाखून पाहायचे, आणि या नोकरीतून ते चक्क जिवंत निवृत्त झाले, अशी घराण्याची कीर्ती होती. मामांनी तोच रिवाज उकरून काढला. आमच्यांत कोणी चाखल्याविना औषध घेत नाहींत, म्हणाले. मग रोज आधी मामी एका बाटलीतून थेंब घ्यायच्या आणि घटकाभराने मामा दुसऱ्या बाटलीतून. मामांच्या बाटलीत रंगीत पाणी. चाखणाऱ्याची बाटली निराळी आणि राजाची निराळी, मग चाखण्याचा उपयोग काय, असं मी एकदा विचारलं. मामांनी माझ्याकडे असं पाहिलं की माझाही अर्ज फेटाळला गेला हे मला कळलं.

ते थेंब जास्त झाले तर नाडी मंदावते आणि जग पिवळं दिसू लागतं, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. रोज मामींनाच विचारलं तर त्यांना संशय येणार. म्हणून मामा सकाळी सगळ्या आळीला विचारायचे, "समोरची भिंत कसली दिसते?" भिंत चुन्याची. पोस्टमन पांढरी म्हणायचा, मी पांढरी म्हणायची, शेवटी मामीही पांढरी म्हणायच्या, की मामांचा दिवस सुरू. एकदा दूधवाला जरा मळकी म्हणाला, तर त्याला ओट्यावर बसवून त्याची नाडी मोजली.

सुईच्या दिवशीही त्याच रिवाजाने डॉक्टर आधी मामींना अंगातलं पाणी काढणारं पाऱ्याचं औषध टोचायचे, मग मामांना नुसतं उकळलेलं पाणी. सुई पाण्याची असली म्हणून कमी दुखत नाही. त्या औषधाने मामींना दिवसभर परसात फेऱ्या घालाव्या लागत. त्यांना संकोच वाटू नये म्हणून मामाही तेवढ्याच फेऱ्या घालायचे आणि केळींमागे उगाच उभे राहायचे. संध्याकाळी मामींच्या पायांची सूज उतरलेली असायची आणि मामांचे पाय दुखत असायचे.

आता माझ्या स्वतःच्या डबीत दोन गोळ्या असतात. एक अंगातलं पाणी काढते, दुसरी छातीची धडधड आवरते. घोटभर पाण्यात काम होतं. माझ्यासाठी कोणाला खोटं आजारी पडावं लागत नाही, याचं मला कधीकधी वाईट वाटतं.

बरेच दिवस चांगले गेले. मामी देवळापर्यंत चालत जाऊ लागल्या. मग सुई हळूहळू लागू पडेनाशी झाली. पायांची सूज उतरेना, त्यांना निजता येईना. एका दुपारी भिंतीशी उशांचा ढीग करून बसल्या होत्या. मामा औषधाला बाहेर गेलेले. मला जवळ बोलावून म्हणाल्या, "यांना कांहीं रोग नाहीं. मला पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे."

मग बोलला का नाहीत, मी विचारलं.

"कचेरीतून आले की जन्मभर बाहेर ओट्यावर बसायचे. रोगी झाले आणि स्वैंपाकघराच्या दाराशी येऊन बसाय लागले. गोष्टी सांगाय लागले. मी कशाला बरं करूं यांना?" त्यांना दम लागला, तरी थांबल्या नाहीत. "मी गेल्यावर सांगूं नको. मला चांगलं फसवलं मणून राहूं दे."

मामी त्याच महिन्यात गेल्या. दिवस झाले, पाहुणे गेले. मी ताक घेऊन गेले तेव्हा मामा स्वयंपाकघराच्या दाराशी भिंतीला टेकून बसले होते. आत कोणी नव्हतं.

"अखेरपर्यंत कळूं दिलं नाहीं तिला," ते म्हणाले. मग त्यांनी विचारलं, "तुला कधीं कांहीं बोलली?"

"नाही मामा," मी म्हटलं. "शेवटपर्यंत तुमच्याच तब्येतीची काळजी करत होत्या."

मामांनी मान हलवली. मग पंच्याचं टोक तोंडात धरून रडू लागले, आणि मी ताकाचं भांडं हातात धरून तिथेच उभी राहिले.