तिसरी पायरी

"पहिल्या पाळीला तिसऱ्या पायरीवरून उडी मारली म्हणून पाळी तीन दिवसांत आटपत नाही," रोविना मॅडमनी फळ्यावर गर्भाशयाची आकृती पुरी करत सांगितलं. "गर्भाशयाच्या अस्तराला पायऱ्या मोजता येत नाहीत."

वर्ग हसला. मागच्या बाकावरच्या पर्यवेक्षक व्हिलाफ्लोर बाई हसल्या नाहीत. रोविनाची नोकरी कायम होणार की नाही, ते त्यांच्या आजच्या मतावर अवलंबून होतं.

रोविना शिकत असताना या धड्याला मुलग्यांना मैदानात गवत उपटायला पाठवत, आणि तेव्हाच्या बाई मुलींना जास्वंदीचं फूल दाखवून काहीतरी कुजबुजत. आता मुलगे पहिल्या बाकावर बसून हात वर करत होते.

"मॅडम, ज्यांच्या घराला पायऱ्याच नाहीत, त्यांनी काय करायचं?" आर्नेलनं विचारलं.

प्रश्न रास्त होता. वादळात फिलिपिन्सच्या समार बेटावरची खांबांवरची घरं उडाली, आणि नवी सिमेंटची घरं थेट जमिनीवर बसली. रोविनाचंही.

"काहीच करायचं नाही."

"मग तुमची आई मंचावर कशाला चढतेय?"

रोविनानं खिडकीबाहेर पाहिलं. सकाळीच तिच्या लेकीला, जेसाला, पहिली पाळी आली होती. "तू जा शाळेत, मी बघते तिचं," आई म्हणाली होती. आता ती जेसाला घेऊन शाळेच्या मैदानातल्या झेंड्याच्या उंच मंचाच्या पायऱ्यांवर उभी होती.

"मार उडी!"

"हळू बोल गं, आजी! आई म्हणते, उपयोग नसतो."

"तिचं काय ऐकतेस? तिनं स्वतः मारली होती!"

सगळ्या वर्गानं वळून मॅडमकडे पाहिलं.

"घाबरतेस कशाला? ही बघ, अशी!" आजीनं झगा सावरला आणि उडी घेतली.

वर्ग क्षणात रिकामा झाला. आजीचा घोटा बघता बघता टम्म फुगला.

"आई, मी काय शिकवत होते माहितीये?"

"शिकव नंतर. आधी बर्फ आण!"

आजीला खुर्चीत बसवून मुलांनी उचलून नेलं. रोविनानं मान खाली घातली. संपलंच सगळं.

"तुम्हाला कायम करावं, असं मी कळवते," व्हिलाफ्लोर बाई म्हणाल्या. "इतकं पटणारं प्रात्यक्षिक मी कुठल्याच शाळेत पाहिलं नाही." मग इकडेतिकडे बघून त्यांनी आवाज खाली आणला. "फक्त आईंना सांगा, तिसरी पायरी खालून मोजायची असते. त्यांनी वरून मोजली."

"तुम्ही खालून मोजली होती?"

"अर्थात."

"मग तीन दिवसांत...?"

"छे! आठवडाभर," बाई म्हणाल्या. "पण घोटा शाबूत राहिला."