गेमची घडी मोडली

अर्धापूरच्या विठाबाईंना कुणी पुरस्कार द्यायचाच झाला, तर तो आहेर फिरवण्यासाठी द्यावा लागेल! त्या पुरस्काराची शाल त्या पुढच्याच आठवड्यात दुसऱ्या कुणाच्या तरी खांद्यावर घालतील, ती गोष्ट वेगळी.

त्यांच्या लोखंडी कपाटाचे खालचे दोन कप्पे म्हणजे निव्वळ आहेर. साड्या, ब्लाउजपीस, टॉवेल, टोप्या, सगळं ओळीनं लावलेलं. काय कुणाकडून, कुणाच्या बारशाला आलं, हे कुठं लिहिलेलं नाही, सगळं डोक्यात. भोकरच्या मावशीनं दिलेला टॉवेल लोह्याच्या मामांना जाईल, मामांची टोपी मुखेडच्या साडूच्या डोक्यावर जाईल, पण ज्यानं दिलं त्याच्याच दारात ते कधी जाणार नाही! आणि विठाबाईंनी दिलेला आहेर फिरून विठाबाईंच्या कपाटात? छे! तसं झालंच तर ओळखू यावं म्हणून त्या प्रत्येक टॉवेलच्या कोपऱ्यात हिरव्या दोऱ्याचा एक बारीक टाका घालून ठेवत.

"माझा आहेर मलाच देणारी बाई अजून जल्माला यायची हाय," असं त्या बिनधास्त म्हणायच्या. आणि ऐकणाऱ्या बाया माना हलवायच्या, कारण ते खरंच होतं!

त्यांचा आणखी एक नियम होता. उकलून बघितल्याशिवाय आहेर द्यायचा नाही. एकदा भाचीला दिलेल्या साडीच्या आतल्या घडीवर उंदरानं कशिदा काढलेला निघाला, तेव्हापासून हा नियम. साडी असो की टोपी, उकलायची, उजेडाला धरायची, आणि पुन्हा अशी घडी घालायची की दुकानदारालाही वाटावं, ही आत्ताच गठ्ठ्यातून काढली. ती घडी तर खरोखर बघत बसावी अशी असायची.

तर यंदा धोंड्याचा महिना आला, आणि लेकीच्या, ज्योत्स्नाच्या लग्नानंतरचा हा पहिलाच धोंडा. जावई उमाशंकर लातूरचे, एका पतसंस्थेत नोकरीला. धोंडे खायला त्यांच्यासोबत त्यांच्या आई सरजाबाईही येणार होत्या. सरजाबाई म्हणजे साडीला हात न लावता तिचं दुकान सांगणारी बाई! लग्नात मानाच्या साड्यांकडे त्यांनी एकदाच बघितलं होतं आणि म्हणाल्या होत्या, "बऱ्या हायत." ते 'बऱ्या' विठाबाईंच्या काळजात काट्यासारखं रुतून बसलं होतं. आता पहिल्याच धोंड्याला काही कमी पडलं, तर लेकीला जन्मभर टोमणे! विठाबाईंना रात्रंदिवस हाच घोर लागला होता.

त्यात ज्योत्स्नाचा फोन आला.

"आई, ह्यांना कपडे नको म्हणं. अंगठी नको. गेम पाहिजे."

"कसली गेम?"

"कॉम्प्युटरवरची. शेतीची. ट्रॅक्टर चालवायचा, पेरायचं, कापायचं."

शेजारी पेपर वाचत बसलेले त्यांचे यजमान शेषेराव ताडकन उठले. "शेती करायची हौस हाय तर इकडं पाठव की त्यांना! केळीच्या बागंत माणूस मिळून न्हाई राहिला!"

"तुम्ही गप बसा हो," विठाबाई म्हणाल्या. "जावयानं गेम मागितली, गेम देऊ. आहेर म्हणजे आहेर."

मुलगा वैजनाथ तर खूश झाला. वैजनाथ केळीचा व्यापार बघायचा, आणि केळीचे ट्रक रवाना झाले की कॉम्प्युटरसमोर ठाण मांडायचा. कॉलेजपासून जमवलेल्या गेम त्याच्या अकाउंटमध्ये होत्या. त्यांच्यावर त्याचा एवढा जीव, की बायको शिल्पा म्हणायची, घराला आग लागली तर हे आधी पासवर्ड बाहेर काढतील!

"ऑनलाइनचं माझ्यावर सोड आई," तो छाती पुढं काढून म्हणाला. "ह्या घरात त्यातलं मलाच कळतंय."

आणि खरंच, चहा निवायच्या आत त्यानं गेम विकत घेतलीसुद्धा! मोबाइलवर एक लांबलचक कोड आला. विठाबाईंनी चष्मा लावून तो बघितला.

"हे काय? हे तर नुसते आकडे हायत."

"हाच कोड, आई. हा दाजींना पाठवायचा. ते टाकतेत, गेम उघडती."

"आणि आतून फाटकी निघाली मंजे?"

"गेम फाटत न्हाई, आई!"

"साडीबी फाटत नसती म्हणला होता तो दुकानदार. उकलून दाखव."

आता या घरात विठाबाईंनी उकल म्हटल्यावर न उकलण्याची कुणाची टाप होती? वैजनाथनं स्वतःच्या अकाउंटमध्ये कोड टाकला, बटण दाबलं, आणि पडद्यावर हिरवंगार शेत उगवलं! लाल ट्रॅक्टर निघाला. बघता बघता पेरणी झाली, पाऊस पडला, पीक डोलायला लागलं. शेषेराव पेपर टाकून खुर्ची ओढून पुढे सरकले.

"आरं, निस्त्या बोटानं कापणी! ना मजूर, ना रोग, ना करपा! वैजा, मलाबी एक घेऊन दे."

विठाबाईंनी मात्र बांध बघितले, ट्रॅक्टरची चाकं बघितली, आणि समाधानानं मान डोलावली. "चांगली हाय. कुठं डाग न्हाई. घाल आता घडी."

"कसली घडी?"

"मंजे परत होती तशी कर. जावयाला द्यायची हाय ना!"

वैजनाथ बोलायला गेला आणि त्याचं तोंड उघडंच राहिलं. ते तसंच उघडं ठेवून त्यानं पडद्याकडं बघितलं, मग आईकडं, मग कोडाकडं.

"आई... कोड एकदा टाकला की संपला. गेम आता माझ्या अकाउंटला चिकटली."

"मग उपट!"

इथं वैजनाथनं जरा विचार करायला हवा होता. पण ऑनलाइनचं मलाच कळतंय असं म्हणून बसलेला माणूस विचार करायला कशाला थांबतो? अकाउंटमधून गेम कायमची काढून टाकायचं बटण असतं, ते त्यानं शोधलं. पडद्यानं इंग्रजीत विचारलं, नक्की? त्यानं दाबलं, हो. पडद्यानं पुन्हा विचारलं, अगदी नक्की ना? "किती विचारतंय!" म्हणत त्यानं पुन्हा दाबलं, हो!

शेत गेलं. ट्रॅक्टर गेला. खुर्चीतले शेषेराव हळहळले, "कापणीला आलं व्हतं गं!"

"आता कोड मोकळा झाला," वैजनाथ म्हणाला आणि खात्री करायला त्यानं कोड पुन्हा टाकून बघितला. पडद्यावर उत्तर आलं. हा कोड आधीच वापरला आहे!

म्हणजे आता गेमही नाही आणि कोडही नाही! वैजनाथनं रिफंडचा अर्ज केला. त्याचंही उत्तर लगेच आलं, की कोड टाकून उघडलेली गेम परत घेतली जात नाही. शिल्पा हळूच म्हणाली, "दुसरी घेऊ ना, आई." विठाबाईंनी तिच्याकडे असं बघितलं की ती पोळ्या लाटायला आत निघून गेली. एकाच आहेरासाठी दोनदा दुकानात जायचं? विठाबाईंनी?

"वैजा, त्या दुकानाच्या मालकाला लाव."

"मालक नसतो आई. चॅट असती."

"मग चॅटीला लाव!"

चॅटवर डॅनियल नावाचा कुणीतरी आला. विठाबाईंनी खुर्ची पुढे घेतली, पदर खोचला. नांदेडच्या वजिराबादेत कापडवाल्यांशी घासाघीस करताना त्यांचा आवाज चढायचा तसा आता चढला. त्या सांगत होत्या आणि वैजनाथ इंग्रजी करून टाइप करत होता.

"विचार त्याला, जेवलास का म्हणावं."

"आई, असं न्हाई विचारत!"

"उपाशी माणूस माल परत घेत नसतो. विचार!"

वैजनाथनं विचारलं. पलीकडून आलं, "थँक यू फॉर आस्किंग, मॅडम." विठाबाईंनी विजयी मुद्रेनं लेकाकडं बघितलं. मग त्यांनी डॅनियलला सगळं सांगितलं. धोंड्याचा महिना म्हणजे काय, जावई म्हणजे काय, आणि सरजाबाई म्हणजे काय! आम्ही ती वापरली नाही, फक्त उकलली. ट्रॅक्टरला चिखलसुद्धा लागू दिला नाही. डॅनियल वारंवार म्हणत होता की नियमात बसत नाही, आणि विठाबाई वारंवार म्हणत होत्या की बसत नसेल तर सरकवून बसव. शेवटी डॅनियल एवढ्यावर आला, की काढून टाकलेली गेम त्याच अकाउंटमध्ये मी परत घालून देतो, पण तिथून ती बाहेर काढता येणार नाही. उघडलेली वस्तू परत घेत नाही म्हणजे नाही!

वैजनाथनं हे वाचून दाखवलं आणि हात टेकले. पण विठाबाई मात्र डोळे मिटून बसल्या होत्या.

"पक्का हाय माणूस," त्या म्हणाल्या. "शिस्तीचा. मीबी असंच सांगते, उघडलेलं परत न्हाई." मग डोळे उघडून त्या म्हणाल्या, "वैजा, गेम अकाउंटातून निघत न्हाई ना?"

"न्हाई."

"केळीच्या घडाला चिकटलेली फणी कापता येत नसंल तर काय करावं?"

"काय?"

"घडच देऊन टाकावा! जावयाला अकाउंटच दे."

आणि इथं विठाबाईंना मानलंच पाहिजे! मोबाइलला हात लावायला बिचकणारी ही बाई, पण जिथं कंपनी अडली आणि वैजनाथ बुडाला, तिथून त्यांनी वाट काढली! वैजनाथलाही ते पटलं, आणि त्यानं डॅनियलकडून गेम परत अकाउंटमध्ये घालून घेतली. त्याच्या मनात आलं, दाजी एक गेम खेळतील, बाकीच्या आपल्या आपण खेळू, बिघडलं कुठं?

धोंड्याचं जेवण थाटात झालं. पुरणाचे धोंडे, जाळीदार अनारसे, वर तुपाची धार. मग विठाबाईंनी ताट आणलं. ताटात पान, सुपारी, नारळ, आणि पिवळ्या पाकिटात अकाउंटचं नाव आणि पासवर्ड! सरजाबाईंनी मान तिरकी करून पाकिटाकडं बघितलं. ज्योत्स्नाचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"हे काय, इहिणबाई?" सरजाबाईंनी विचारलं.

"जावईबापूंनी एक गेम मागितली व्हती," विठाबाई पदर सारखा करत म्हणाल्या. "आम्ही घडच्या घड दिला. आणि उकलून बघितलेला हाय."

उमाशंकरनं तिथंच अकाउंट उघडलं. शेतीची गेम होतीच, पण तिच्या खाली एकेक करत कितीतरी गेम पडद्यावर सरकत गेल्या. ते खुर्चीतून अर्धे उठले! "एवढ्या? आई, एवढ्या!" सरजाबाईंनी सावकाश मान हलवली आणि म्हणाल्या, "झकास हाय, इहिणबाई. असा आहेर आमच्याकडं कुणी केला न्हाई." ज्योत्स्नानं आईकडं जे बघितलं, त्यानं विठाबाईंच्या काळजातला तो काटा पार निघून गेला.

पतसंस्थेतला माणूस फार सावध असतो. उमाशंकरनं बसल्या जागी पासवर्डही बदलून टाकला.

वैजनाथच्या घशात अनारसा अडकला. पाहुणे गेल्यावर तो रडकुंडीला येऊन म्हणाला, "आई, दाजींना म्हणू का, माझ्या गेम तेवढ्या माघारी द्या?"

"दिलेला आहेर मागतेत का?" विठाबाई म्हणाल्या. "आणि त्यांनी तर उघडलाबी. त्या डॅनियलनं काय सांगितलं व्हतं?"

पुढं पंचमी आली. वैजनाथ बहिणीला माहेरी आणायला लातूरला गेला, आणि दुसऱ्या दिवशी तिला घेऊन परतला तो अक्षरशः नाचत! दाजींची शेतीची हौस एवढ्यात फिटली होती. निघताना सरजाबाईंनी त्याला टोपी घातली, टॉवेल दिला, आणि त्यावर ठेवलं एक पिवळं पाकीट! आत तेच अकाउंट, नवीन पासवर्डासकट.

"आई, परत आलं! सगळं परत आलं!"

"परत?" विठाबाई जागच्या जागी उभ्या राहिल्या. आहेर परत आला, असं त्यांच्या घरात कधीच कुणी म्हटलं नव्हतं! त्यांनी टॉवेल हातात घेतला, उकलला, उजेडाला धरला. कोपऱ्यात हिरवा टाका होता. ज्योत्स्नाच्या लग्नात सरजाबाईंच्या दिराला दिलेला हा टॉवेल. आणि हिरव्या टाक्याला अगदी खेटून, तेवढाच बारीक, एक लाल टाका होता!

विठाबाई मटकन खाली बसल्या. ज्योत्स्ना घाबरून पाणी आणायला धावली. पण विठाबाईंच्या चेहऱ्यावर हळूहळू हसू फुटत गेलं. एवढ्या वर्षांच्या संसारात कुणीतरी आपल्या तोडीचं भेटलं म्हणून त्यांना मनापासून आनंद झाला होता.

"बाई पोचलेली हाय!" त्या टाक्यावरून बोट फिरवत म्हणाल्या. "लेक चांगल्या घरी पडली गं माझी."

मग त्यांनी टॉवेलची ती बघत बसावी अशी घडी घातली, तो कपाटात खालच्या कप्प्यात ठेवला, आणि वैजनाथपुढं हात पसरला.

"आण ते पाकीट. पुढच्या महिन्यात शिल्पाच्या भावाचा साखरपुडा हाय."

"आई! ते माझं अकाउंट हाय!"

"व्हतं. आता आहेर हाय." विठाबाईंनी पाकीट त्याच्या हातातून अलगद काढून घेतलं आणि कपाटाला कुलूप लावता लावता बजावलं, "आणि बघायला म्हणून उघडू नको बरं का! माझं बघितलेलं हाय."