राठोड सरांचा हातचा

गणिताचा तास सुरू असताना इंग्रजीचे राठोड सर खिडकीतून कधी डोकावतील याचा नेम नसतो. आमचा सेमी इंग्रजीचा वर्ग, म्हणून बेरीज शिकवताना मी 'कॅरी वन' म्हणतो. म्हटलं की संपलं.

"कॅरी म्हंजे काय रे पोट्टेहो?"

"हातचा, सर!"

"हातचा मांगून आला. आंधी गाडी! लॅटिनमधी चाकाच्या गाडीले जो शब्द होता, त्याच्यातून हे निंघालं. गाडीत माल लादून नेनं म्हंजे कॅरी. समजलं काय?"

पोरांना समजत नाही. मला बारा वर्षं समजून समजून कंटाळा आलाय. महागावच्या बाजारात भाजीवाल्यानं 'कॅरीबॅग देऊ काय' विचारलं, की सर त्याला त्या शब्दाची वंशावळ ऐकवतात. मागे गिऱ्हाइकं ताटकळतात. वर सरांची एक खंत असतेच. "आमच्या लमान लोकायनं पिढ्यान्‌पिढ्या बैलाच्या पाठीवर मीठ वाह्यलं. गाडी कुठी होती? मंग त्याले कोनता शब्द, सांगा!"

मी नुसती मान हलवतो. उत्तर दिलं की अर्धा तास जातो.

यंदा सर मधल्या सुट्टीत तांड्यावर घरी जाऊ लागले आणि पुढच्या तासाला रोज उशिरा येऊ लागले. मुख्याध्यापकांनी शेवटी नोटीस काढली, ती पोचवायला मला मधल्या सुट्टीत त्यांच्या घरी धाडलं. खोटं कशाला बोलू, मला जरा बरंच वाटलं.

दार उघडं होतं. वहिनींची डावी बाजू लुळी पडलीय हे मला ठाऊकच नव्हतं. सर त्यांना दोन्ही हातांवर घेऊन अंगणातल्या बाजेकडे येत होते, एकेक पाऊल चाचपत. घाम डोळ्यांत उतरला होता, पण पुसायला हात मोकळा नव्हता.

"तुमी तरी सांगा याइले," वहिनी मला म्हणाल्या. "मी आतच पडून राह्यतो म्हनलं, तं आयकत नाहीत. म्हनतेत, दिवसभर भिताडच पाहून राह्यली तू."

सरांनी त्यांना बाजेवर टेकवलं, उशी सारली, पदर सारखा केला आणि स्वतः खाली मातीतच बसले. धाप लागली होती.

"उचलनं सोपं हाय, सर," ते म्हणाले. "ठेवतानी जपा लागते."

नोटीस खिशातच राहिली. मुख्याध्यापकांना सांगितलं, मधल्या सुट्टीनंतरचा राठोड सरांचा तास मी घेतो. इंग्रजी मला धड येत नाही. पोरांना पाढे लिहायला लावतो.