अमर कोंबड्या

निवृत्त झाल्यावर बाबांनी कॉम्प्युटरवर ठोकळ्यांचं दुमजली घर बांधलं होतं, अंगणात कोंबड्याही पाळल्या होत्या. ब्राउझरमध्ये चालणारा साधा, फुकटचा खेळ. बाबा गेल्यापासून आई रोज सकाळी तो उघडून घरातून एक फेरी मारायची. एकाही ठोकळ्याला कोणी हात लावायचा नाही, अशी तिची सक्त ताकीद होती.

"कोल्ह्याने आज परत कोंबडी नेली गं," एका रविवारी ती लेकीला म्हणाली. "तू एवढी कॉम्प्युटरवाली, तुला काही करता येत नाही?"

लेकीने केलं. खेळाचे नियम बदलणारा छोटासा मॉड लिहून तिने कोंबड्यांचं मरणच रद्द केलं. अंडी घालणं मात्र चालूच राहिलं. पिल्लं निघाली, मोठी झाली, तीही अंड्यावर बसली. मरायला कोणीच तयार नाही.

दुपारी जेवून येतात तो जिन्यात कोंबड्या, माडीवर कोंबड्या, बाबांच्या पलंगावर एकीवर एक कोंबड्या. दारात तर अशी दाटी की आतली बाहेर जाईना. कॉम्प्युटर घरघरायला लागला, चित्र अडखळायला लागलं.

लेकीने भावाला फोन लावला.

"त्यात काय! ब्राउझरचा सगळा साठा पुसून टाक."

"शहाण्या, त्या साठ्यातच बाबांचं घर आहे! दुसरीकडे कुठेच नाही!"

"मग मॉड काढ."

"त्यासाठी खेळ बंद करावा लागेल. एवढ्या लटांबरासकट परत उघडलाच नाही तर?"

"मग भिंत फोड आणि हाकल सगळ्यांना. लांब गेलेली जनावरं खेळ आपोआप विसरतो."

लेकीने माउस धरला. बोट काही खाली जाईना.

"सरक," आई म्हणाली.

तिने स्वयंपाकघराची भिंत धाडधाड पाडली. कोंबड्या लोंढ्याने बाहेर पडल्या, माळावर पांगल्या, दिसेनाशा झाल्या. घरघर थांबली. आईचा हात मात्र थांबेना. तिने शेजारची भिंतही घेतली.

"आई, गेल्या सगळ्या! थांब, मी पहिल्यासारखं लावून देते."

"काही नको. इथे मोठी खिडकी हवी होती. खऱ्या घरातही सांगितलं, इथेही सांगितलं. दर वेळी यांचं आपलं, 'तुला त्यातलं काय कळतं?' आज पहिल्यांदा कोणी मध्ये बोललं नाही."

एवढं बोलून ती माउस धरून गप्प बसली. कोणी बोलतंय का, याची वाट बघितल्यासारखी.

मग तिने काच बसवली.