काकांच्या अंगठ्याची रजा

ही गोष्ट बाहेर सांगायची नाही, असं आमच्या घरात ठरलं होतं. रविराजकाका एकेकाकडे बोट दाखवत म्हणाले होते, "ह्यातलं एक अक्षर बाहेर गेलं तर बघा." माझ्यापाशी आल्यावर त्यांनी बोट खाली घेतलं आणि म्हणाले, "हिची काळजी नाही. ही कुठे बोलते?" ते खरं आहे. मी फार बोलत नाही. लिहिण्याबद्दल मात्र काका काहीच म्हणाले नव्हते.

तर रविराजकाका. भोसरीत एमआयडीसीतल्या एका वर्कशॉपमध्ये ते ग्राइंडिंग मशिनवर आहेत. चाकणमध्ये बनणाऱ्या गाड्यांच्या आत कुठेतरी, कुणालाही न दिसणारा एक लोखंडी तुकडा असतो, तो काकांनी घासलेला असतो. रस्त्यात नवी गाडी दिसली की काका तिच्याकडे बघून "आपली आहे" म्हणतात. (एकदा सिग्नलला त्यांनी हे जरा मोठ्याने म्हटलं, तर गाडीवाल्याने काच वर घेतली आणि दार आतून लॉक केलं.)

झालं असं, की आमच्या रेशन दुकानाचे किसनशेठ म्हणाले, कार्डावरच्या प्रत्येक माणसाने येऊन मशिनवर अंगठा लावायचा, केवायसी करायची. महिनाअखेरपर्यंत ज्याचा अंगठा लागणार नाही, त्याचं नाव बंद. कार्ड आजीच्या, म्हणजे रतनबाईंच्या नावावर आहे. आम्ही सगळे गेलो. आजी, आई-पप्पा, काका, सुप्रियाकाकू आणि पिशव्या धरायला मी.

आजीचा अंगठा पहिल्या झटक्यात लागला. आईचा लागला, पप्पांचा लागला, काकूचा लागला. काका शर्टाच्या बाह्या सावरून पुढे झाले आणि मशिनने लाल दिवा दाखवला.

"पुसून लावा," किसनशेठ म्हणाले.

काकांनी पँटला पुसून लावला. लाल.

"केसांतून फिरवा. तेल लागलं की ठसा उमटतो."

काकांना केस कमी, म्हणून त्यांनी अंगठा पप्पांच्या डोक्यात फिरवला. लाल. रांगेतली एक बाई म्हणाली फुंकर घाला, तिच्या मागची म्हणाली देवाचं नाव घ्या. काकांनी दोन्ही केलं. मग दुसरी बोटं झाली, डावा हात झाला. मशिनला काका ओळखता येईनात. शेवटी किसनशेठनी चष्मा लावून काकांचा अंगठा उजेडात धरला.

"रविराजभाऊ, ह्याच्यावर तर काहीच नाही. भांड्यांच्या दुकानात नाव घालायला आणलेल्या ताटासारखा झालाय."

"ग्राइंडिंगला असतो ना शेठ. जॉब, म्हणजे तो लोखंडी तुकडा, धरून धरून अंगठा घासला जातो."

"जॉब गुळगुळीत झाला का?"

"एकदम."

"मग अंगठापण त्याच मापात बसलाय."

आजी काउंटरवर वाकली. "म्हंजी माझा पोरगा कार्डावर न्हाई?"

"मशिनच्या मते नाही, आजी."

"मग माझ्या घरात रोज सात भाकरी खातंय ते कोण हाय?"

किसनशेठ मशिनची काच पुसत राहिले. काकांचा चेहरा मात्र पडला, आणि त्याला कारण होतं. काका गावाहून आमच्याकडे राहायला आले, तेव्हा गावच्या कार्डावरचं त्यांचं नाव झटकन कमी झालं, पण इथल्या कार्डावर चढेना. मधले कित्येक महिने काका कुठल्याच कार्डावर नव्हते. त्या दिवसांत ते पाहुण्यांसारखे नको नको म्हणत जेवायचे, असं आई सांगते. नाव चढल्यावर त्यांनी कार्डाला उदबत्ती ओवाळली होती. ते नाव आता अंगठ्यापायी जाणार होतं.

"थोडे दिवस अंगठ्याला आराम द्या," किसनशेठ म्हणाले. "काम केलं नाही की रेषा भरून येतात. महिनाअखेरीला या."

एवढंच वाक्य. पण ते काकूने ऐकलं. काकू एखादी गोष्ट अर्धी करत नाही.

"आजपासून उजवा अंगठा कसलंही काम करणार नाही," घरी आल्या आल्या तिने जाहीर केलं. "बाकीची नऊ बोटं करतील."

तिने अंगठ्याला साजूक तूप चोळलं, त्यावर कापूस ठेवला आणि वरून पांढरीशुभ्र पट्टी गुंडाळली. पट्टी सुटू नये म्हणून आणखी गुंडाळली. अंगठा लहान दुधी भोपळ्याएवढा झाला.

अंगठा रजेवर गेल्यावर आम्हाला कळलं की घर अंगठ्यावर चालतं. काकांना शर्टाचं बटण लावता येईना. भाकरी मोडता येईना. डाव्या हाताने जेवायला आजी परवानगी देईना, आणि चार बोटांनी उचललेला आमटीभात तोंडापर्यंत जाता जाता फक्त भात उरायचा. आईने चमचा दिला, तर चमचाही अंगठ्यानेच धरतात असं निघालं. शेवटी आजीच भरवायला बसली.

"आई, लोक बघतील."

"बघू दे की. रव्या, आ कर."

गाडीचं तर विचारू नका. स्टार्टरचं बटण उजव्या अंगठ्याखाली, आणि किक कधीच मोडलेली. काकांनी डाव्या हाताने बटण दाबून पाहिलं तर क्लच सुटला आणि गाडी त्यांना न घेताच दोन पावलं पुढे गेली. तेव्हापासून काका शेअर रिक्षाने कामाला जाऊ लागले. रिक्षात कुणाचा धक्का लागू नये म्हणून अंगठा वर करून बसायचे. वाटेतले लोक त्यांना अंगठा दाखवून प्रतिसाद द्यायचे. (काहींना वाटलं, ते निवडणुकीला उभे आहेत.)

इथवर ठीक होतं. पण काकांच्या वर्कशॉपच्या गेटवर एक बोर्ड आहे. कंपनीत किती दिवस अपघात झाला नाही, तो आकडा त्यावर रोज बदलतात. वर्ष पुरं व्हायला थोडेच दिवस राहिले होते आणि वर्ष पुरं झालं की प्रत्येकाला एक प्रेशर कुकर मिळणार होता. घराघरांत बायकांनी जुने कुकर मोडीत द्यायला काढले होते.

त्या गेटातून रविराजकाका पांढरा भोपळा वर धरून आत शिरले.

पुढचं सगळं काकांसोबत काम करणाऱ्या सुरजने आमच्याकडे चहा पिताना सांगितलं, म्हणून मला माहीत आहे. काकांना बघताच सगळ्यांनी मशिनं बंद केली.

"भावा, कधी झालं?" सुरजने हळूच विचारलं.

"काही झालं नाही रे."

सुरजने इकडे तिकडे बघितलं आणि काकांची पाठ थोपटली. "शाबास. हेच सांग सगळ्यांना."

"अरे खरंच काही झालेलं नाही. अंगठा चांगलाय."

"वा. चेहरापण असाच ठेव."

काका जितकं खरं बोलत, तितकं त्यांचं कौतुक वाढत गेलं. दुपारपर्यंत सगळ्या वर्कशॉपला पटलं, की ह्या माणसाने सगळ्यांच्या कुकरसाठी अंगठ्याचं दुःख गिळलंय. कुणी त्यांचं काम करून टाकलं, कुणी डब्यातलं थालीपीठ दिलं. सुपरवायझर लांबून हात जोडून म्हणाले, "रविराज, मला काही सांगू नका. मी काही पाहिलं नाही. पण घरच्यांना माझा नमस्कार सांगा."

सेफ्टीचे साहेब फेरीला आले की पोरं काकांना कूलंटच्या पिंपांमागे बसवायची. असं बरेच दिवस चाललं. आणि एके दिवशी साहेबांना पिंपांच्या वर एक पांढरा भोपळा दिसला. (काकूने सांगितलं होतं, हात खाली लोंबू द्यायचा नाही.)

"कोण आहे तिथे? बाहेर या. हे काय झालंय?"

"काही नाही साहेब."

"पट्टी सोडा."

"नाही सोडता येणार साहेब. मिसेसनी बांधलीय."

साहेबांनी स्वतः सोडायला घेतली. पट्टी संपेचना. सगळं वर्कशॉप गोळा झालं. काहींनी डोळे मिटून घेतले. शेवटचा कापूस निघाला आणि आतून गोरापान, गुबगुबीत, तुपाने चकाकणारा अंगठा बाहेर आला. सुरज म्हणतो, बारशाच्या पाळण्यात ठेवावा असा दिसत होता. सगळीकडे पुरणपोळीचा वास सुटला.

"ह्याला काय झालंय?" साहेबांनी विचारलं.

"काही नाही, तेच सांगतोय."

"मग बांधलाय कशाला?"

"रेशनसाठी."

काकांनी मग सगळं सांगितलं. मशिन, लाल दिवा, केवायसी. ऐकता ऐकता साहेबांच्या कपाळावर आठी आली.

"ठसे गेले कुठे तुमचे?"

"झिजले साहेब."

"कुठे झिजले?"

काकांनी मशिनकडे बोट दाखवलं.

"म्हणजे," साहेब सावकाश म्हणाले, "कंपनीच्या आवारात, काम करताना, कामगाराच्या शरीराचा भाग गेला."

"भाग नाही साहेब," सुरज घाईने म्हणाला, "नुसतं वरचं नक्षीकाम."

पण साहेब नियमाचे पक्के. ते बोर्डाकडे बघत राहिले. हा अपघात धरला, तर तो नक्की कोणत्या दिवशी झाला? काका लागले त्या दिवसापासून रोज थोडा थोडा झाला. मग बोर्ड तेव्हापासून शून्यावरच असायला हवा होता. साहेबांनी वर फोन केला. बराच वेळ "हो सर, हो सर" केलं. सुरजने तेवढ्यात कुलदैवताला नारळ बोलला. मग साहेबांनी फोन ठेवला.

"अपघात एका क्षणात होतो," ते म्हणाले. "हे हळूहळू झालंय. हळूहळू होतं त्याला अपघात म्हणत नाहीत."

"मग काय म्हणतात साहेब?" काकांनी विचारलं.

"नोकरी."

कुकर वाचला होता. पोरांनी अंगठा पुन्हा गुंडाळून दिला, पहिल्यापेक्षा जाड.

महिनाअखेरीला आम्ही लग्नाला निघाल्यासारखे रेशन दुकानावर निघालो. पुढे आजी, "सरका, पोराचा अंगठा हाय," असं म्हणत वाट मोकळी करणारी. मध्ये काका, हात उंच. बाजूला काकू, हातात नॅपकिन. मागे मी. दुकानात शेवटच्या दिवसाची गर्दी होती, तरी लोकांनी जागा दिली. काकूने सगळ्यांसमोर पट्टी सोडली, अंगठा पुसला, त्यावर फुंकर घातली. काकांनी डोळे मिटून तो काचेवर टेकवला.

तुपामुळे तो घसरून काउंटरवर गेला. पुन्हा पुसला, पुन्हा टेकवला. लाल.

"रेषा आल्यात," किसनशेठ चष्म्यातून बघत म्हणाले, "पण अंगठा फुगलाय. आता मशिनला वाटतंय, हे कुणाचं तरी बाळ आहे."

काका भिंतीवरच्या कागदाकडे बघत राहिले. नावं बंद होणाऱ्यांसाठीची सूचना होती ती. मला वाटलं, ते आता पुन्हा नको नको म्हणत जेवायला लागणार. आजीने त्यांचा हात धरला आणि म्हणाली, "गेलं तर जाऊ दे नाव. माझ्यातलं खा."

किसनशेठनी मशिन बाजूला सरकवलं, खिशातून मोबाइल काढला आणि काकांच्या तोंडासमोर धरला.

"इकडे बघा. डोळे मिटा."

काकांनी मिटले.

"उघडा. झालं."

"काय झालं?"

"केवायसी. हिरवं आलं."

"अंगठा?"

"तो कुठे लागतोय. चेहऱ्याने केली."

काकांनी वाकून मोबाइलमध्ये बघितलं. "चेहऱ्याने होते?"

"केव्हाची."

"मग मागच्या वेळी का नाही केली शेठ?"

"तुम्ही अंगठ्याचं विचारलंत."

आजी तेवढी खूश होती. "मी म्हनतच हुते. पोराचं त्वांड बघितलं की कळतं कुनाचं हाय."

काकांनी घरी येऊन उरलेल्या तुपाचा शिरा करायला लावला, चारही बोटं आणि अंगठा घालून खाल्ला, आणि वाटी पुसून झाल्यावर ते एक अक्षर बाहेर न जाण्याचं फर्मान काढलं. आता ते पुन्हा गाडीने कामाला जातात. कुणी रेशनचा विषय काढला की दुसऱ्यांना शिकवतात, माणसाने कसं वेळेवर आपलं सगळं तपासून घ्यावं, गाफील राहू नये.

हे मी गच्चीवर बसून लिहितेय. आत्ताच खाली किसनशेठचा फोन आला. काकांनी तो स्पीकरवर टाकलाय, त्यामुळे इथवर ऐकू येतंय. आमच्या कार्डावर एक नाव बंद पडलंय. त्या पहिल्या दिवशी सगळे काकांच्या अंगठ्यात इतके गुंतले होते, की पिशव्या धरून शेजारी उभ्या असलेल्या मुलीचा अंगठा घ्यायचा राहूनच गेला, असं किसनशेठ म्हणतायत. "पण ती बोलली का नाही काही?" असंही ते विचारतायत. काका इतके हसतायत की त्यांना ठसका लागलाय. आता ते जिन्याखालून हाक मारतायत, "तायडे, चेहरा घेऊन खाली ये," आणि आजी म्हणतेय, शेंगदाणे दे तिला, सरकारच्या हिशोबानं पोरगी उपाशी हाय, आणि मी येते म्हणाले पण ते कुणाला ऐकूच गेलं नाही, म्हणून आता मला जरा मोठ्याने